मेमरीची चूक जागेवरच पकडायची: लिबएसॅनशी पहिली ओळख

प्रोग्रॅम काल नीट चालत होता. आज त्यात फक्त एक प्रिंटएफ घातला आणि तो पडायला लागला. प्रिंटएफ काढला की पुन्हा चालतो. सी किंवा सी++ शिकणाऱ्या प्रत्येकाच्या वाट्याला असा दिवस येतो, आणि त्या दिवशी बहुतेक जण प्रिंटएफकडे संशयाने बघत बसतात. त्याचा काही दोष नसतो. चूक कुठेतरी आधीच होऊन गेलेली असते, प्रिंटएफमुळे मेमरीची मांडणी जराशी हलते आणि ती चूक वर येते.

मेमरीच्या चुका अवघड जातात त्या याच कारणाने. चूक होते एका ठिकाणी आणि प्रोग्रॅम पडतो भलत्याच ठिकाणी. या लेखात ज्या लायब्ररी फाइलींबद्दल लिहिलं आहे, त्यांचं काम म्हणजे ही दोन ठिकाणं एकत्र आणणं. मुख्य भर लिबएसॅनवर आहे, म्हणजे अ‍ॅड्रेससॅनिटायझरच्या रनटाइम लायब्ररीवर. नवशिक्याने सुरुवात तिथूनच करावी असं माझं ठाम मत आहे.

कमांड आणि फाइलींची नावं इथे उच्चाराप्रमाणे लिहिली आहेत. टर्मिनलवर ती नेहमीसारखी रोमन अक्षरांत टाइप करायची.

आधी एक चूक जवळून पाहू

एक छोटा प्रोग्रॅम डोळ्यांसमोर आणा. तो कमांड लाइनवरून एक नाव घेतो, स्ट्रलेनने त्याची लांबी मोजतो, मॅलॉककडून (मेमरी मागायचं फंक्शन) तेवढेच बाइट मागतो आणि स्ट्रकॉपीने नाव त्यात उतरवतो. चूक उघड आहे: स्ट्रिंगच्या शेवटी जो शून्य बाइट लागतो, त्याच्यासाठी जागाच मागितलेली नाही. लांबीत एक मिळवायचा राहून गेला.

आता हा प्रोग्रॅम ६४-बिट लिनक्सवर दहा अक्षरी नाव देऊन चालवा. काहीही होत नाही. जीलिबसीचा, म्हणजे लिनक्सच्या नेहमीच्या सी लायब्ररीचा, मॅलॉक ३२ बाइटांपेक्षा लहान तुकडा देतच नाही आणि त्या तुकड्यातले २४ बाइट आपल्याला वापरता येतात. मागितले दहा, मिळाले चोवीस. अकरावा बाइट मोकळ्या जागेत पडला, कुणाला पत्ता लागला नाही.

वीस अक्षरी नाव देऊन पाहा, तेही चालतं. तेवीस अक्षरीही चालतं. चोवीस अक्षरी नाव दिलं की मात्र शून्य बाइट पंचविसाव्या जागी पडतो, आणि तिथे मॅलॉकने पुढच्या तुकड्याचा आकार लिहून ठेवलेला असतो. त्या आकड्याचा सगळ्यात खालचा बाइट पुसला जातो. पंचवीस अक्षरी नावाला मात्र पुन्हा काही होत नाही, कारण आता मॅलॉक पुढच्या मापाचा तुकडा देतो आणि त्यात वापरायला ४० बाइट असतात. म्हणजे मोडणाऱ्या लांब्या २४, ४०, ५६ अशा, दर सोळाने एक. बाकी सगळ्या नावांना प्रोग्रॅम अगदी शहाण्यासारखा वागतो.

चोवीस अक्षरी नावालासुद्धा तो लगेच पडेलच असं नाही. मॅलॉकची वही बिघडलेली असते, पण ती नोंद पुन्हा वाचायची वेळ येईपर्यंत सगळं सुरळीत दिसतं. ती वेळ हजार ओळींनंतर, दुसऱ्याच फाइलमधल्या एखाद्या निरपराध फ्रीमध्ये (मेमरी परत करायचं फंक्शन) येऊ शकते.

मी स्वतः अशा एका चुकीपायी तीन दिवस घालवले आहेत. डिबगर ज्या फाइलकडे बोट दाखवत होता ती मी इतक्यांदा वाचली की पाठ झाली, आणि तिच्यात एकही चूक नव्हती. चूक होती ती एका जुन्या, सगळ्यांनी बिनदोष मानलेल्या फंक्शनमध्ये, आणि ती हीच होती: अधिक एक राहिला होता. हा लेख मनापासून लिहावासा वाटतो तो त्या तीन दिवसांमुळे.

लिबएसॅन नेमकं काय करतं

अ‍ॅड्रेससॅनिटायझर गूगलमधल्या इंजिनिअरांनी बनवला आणि २०१२ साली युझनिक्स या संगणकतज्ज्ञांच्या संघटनेच्या परिषदेत त्यावरचा निबंध सादर झाला. त्याच वर्षी तो क्लँग या कंपायलरमध्ये आला आणि २०१३ मध्ये जीसीसी या दुसऱ्या कंपायलरच्या ४.८ आवृत्तीत. त्याचे दोन भाग आहेत आणि नवशिक्यांचा गोंधळ बहुतेक वेळा इथेच होतो.

पहिला भाग कंपायलरमध्ये असतो. तुमच्या कोडमध्ये जिथे जिथे मेमरी वाचली किंवा लिहिली जाते, तिथे तो आधी एक छोटी तपासणी घालतो: या पत्त्याला हात लावायची परवानगी आहे का? दुसरा भाग म्हणजे लायब्ररी फाइल. ती मॅलॉक आणि फ्री स्वतःच्या ताब्यात घेते, परवानग्यांची नोंद ठेवते आणि चूक सापडली की रिपोर्ट छापून प्रोग्रॅम तिथल्या तिथे थांबवते. नुसती लायब्ररी असून भागत नाही, कंपायलरला नुसता फ्लॅग (कमांडमधली सूचना) देऊनही नाही. दोन्ही लागतात.

परवानग्यांची नोंद ठेवायची पद्धत फार सुंदर आहे. तुमच्या दर आठ बाइटांमागे एक बाइट बाजूला राखून ठेवलेला असतो. त्याला शॅडो बाइट म्हणतात. त्यात शून्य असेल तर आठही बाइट वापरायला मोकळे. एक ते सातपैकी आकडा असेल तर पहिले तेवढेच मोकळे. त्याहून वेगळी खूण असेल तर आठांपैकी एकालाही हात लावायचा नाही. आपण मागितलेल्या दहा बाइटांची नोंद म्हणून ‘००, ०२’ अशी होते: पहिले आठ पूर्ण, पुढच्या आठांतले दोन. त्यानंतर ‘एफए’ ही खूण लागते, म्हणजे रेडझोन. ही तुकड्यांच्या मधे मुद्दाम सोडलेली, कुणाचीच नसलेली जमीन. अकरावा बाइट लिहायला गेलात की पाय या जमिनीवर पडतो.

फ्री केलेली मेमरीही लगेच दुसऱ्या कुणाला दिली जात नाही. ‘एफडी’ अशी खूण लावून ती काही काळ बाजूला ठेवतात, त्याला क्वारंटीन म्हणतात. एरवी ही राखीव जागा २५६ एमबीची असते. त्यामुळे सोडून दिलेल्या पॉइंटरने जुन्या घराचं दार वाजवलं, तर नवा भाडेकरू दार उघडत नाही. लायब्ररी उघडते.

याची किंमत? मूळ निबंधातल्या मोजमापांनुसार प्रोग्रॅम सरासरी ७३ टक्के हळू होतो आणि मेमरी सव्वातीनपट ते साडेतीनपट लागते. मेमरी तपासणाऱ्या व्हॅलग्रिंड या साधनाचं मेमचेक वापरलं तर तोच प्रोग्रॅम दहा ते तीसपट हळू होतो. रोज वापरता येणारं साधन आणि सणासुदीला काढायचं साधन यांत हाच फरक असतो.

पायरी १: फाइल मशीनवर आहे का ते बघा

जीसीसी वापरत असाल तर ही कमांड द्या:

जीसीसी -प्रिंट-फाइल-नेम=लिबएसॅन.एसओ

उत्तरात पूर्ण पाथ आला तर फाइल आहे. तुम्ही विचारलेलं नावच जसंच्या तसं परत आलं तर नाही. डेबियन आणि उबुंटूवर ती कंपायलरबरोबरच येते. फेडोरा आणि त्याच्या भाऊबंदांवर लिबएसॅन नावाचं पॅकेज वेगळं टाकावं लागतं. तिथे लिंकर (कंपाइल झालेले तुकडे जोडून प्रोग्रॅम बनवणारा) ‘लिबएसॅन सापडत नाही’ म्हणाला तर घाबरू नका, पॅकेज टाका आणि पुढे चला.

फाइलच्या नावाच्या शेवटी आकडा असतो. जीसीसी १० आणि ११ बरोबर ६ येतो, १२ पासून ८. हा आकडा कंपायलरशी जोडलेला आहे. त्यामुळे दुसऱ्या मशीनवरून फाइल उचलून आणणं, किंवा ६ च्या नावाने ८ ची लिंक बनवणं, असले उपाय कुठे वाचलेत तर करू नका. प्रोग्रॅम सुरू होईलही, पण मग रिपोर्टवर भरवसा ठेवता येणार नाही आणि सगळी मेहनत पाण्यात जाईल.

क्लँगमध्ये लायब्ररीचं नाव वेगळं असतं आणि ती एरवी प्रोग्रॅमच्या पोटातच जोडली जाते, त्यामुळे वेगळी फाइल शोधावी लागत नाही. विंडोजवर मिनजीडब्ल्यूचा जीसीसी असेल तर तिथे ही सोयच नाही. व्हिज्युअल स्टुडिओ २०१९ च्या १६.९ आवृत्तीपासून मायक्रोसॉफ्टच्या कंपायलरमध्ये ती आहे. किंवा डब्ल्यूएसएलमध्ये (विंडोजच्या आत लिनक्स चालवायची सोय) लिनक्स घ्या, शिकण्यासाठी मला तेच सोपं वाटतं.

पायरी २: फ्लॅग देऊन कंपाइल करा

जीसीसी -जी -ओ१ -एफनो-ओमिट-फ्रेम-पॉइंटर -एफसॅनिटाइझ=अ‍ॅड्रेस नाव.सी -ओ नाव

शेवटून दुसरा फ्लॅग मुख्य. -जी दिला नाही तर रिपोर्टमध्ये लाइन नंबर येत नाहीत आणि नुसते पत्ते वाचत बसावं लागतं. -ओ१ मधला ओ मोठा, प्रोग्रॅम फार रेंगाळू नये म्हणून. फ्रेम-पॉइंटरचा फ्लॅग दिला की कोणत्या फंक्शनने कुणाला बोलावलं ही साखळी तुटक येत नाही.

एकच फाइल असेल तर झालं. अनेक फाइलींचा प्रकल्प असेल तर सॅनिटाइझचा फ्लॅग कंपाइल करताना द्यायचा आणि लिंक करतानाही द्यायचा. मेकफाइलमध्ये तो सीफ्लॅग्जमध्ये (कंपाइलचे फ्लॅग) घालतात आणि एलडीफ्लॅग्जमध्ये (लिंकचे फ्लॅग) विसरतात. मग लिंकर ‘अनडिफाइन्ड रेफरन्स’ म्हणत एसॅनने सुरू होणाऱ्या नावांची लांबलचक यादी ओततो. ही यादी दिसली की दुसरं काही शोधू नका, लिंकच्या ओळीत फ्लॅग घाला. आधीच्या ऑब्जेक्ट फाइली पुसून सगळं नव्याने बांधा, नाहीतर अर्धा कोड तपासणीविना राहतो आणि तुम्हाला कळतही नाही. पूर्ण -स्टॅटिक बिल्डबरोबर मात्र हे चालत नाही.

पायरी ३: मुद्दाम मोडा आणि रिपोर्ट वाचा

आता वरचाच नावाचा प्रोग्रॅम दहा अक्षरी नाव देऊन चालवा. मघाशी जो हूं की चूं करत नव्हता, तो आता लगेच थांबेल आणि स्क्रीनभर मजकूर ओतेल. पहिल्यांदा बघताना छाती दडपते. पण त्यातल्या तीनच जागा वाचायच्या असतात.

पहिली जागा म्हणजे सगळ्यात वरची ओळ. तिथे चुकीची जात लिहिलेली असते: हीप-बफर-ओव्हरफ्लो, म्हणजे मॅलॉकने दिलेल्या तुकड्याच्या हद्दीबाहेर पाऊल. तिच्या खाली ‘राइट ऑफ साइझ ११’ असं येतं, म्हणजे अकरा बाइट लिहायचा प्रयत्न झाला. दहा अक्षरं आणि एक शून्य. हा आकडा बघूनच अर्ध्या वेळा चूक लक्षात येते.

दुसरी जागा म्हणजे त्याखालची फंक्शनांची साखळी. इथे एक गफलत हमखास होते. ० क्रमांकाच्या ओळीत स्ट्रकॉपी दिसतं आणि फाइल म्हणून लिबएसॅनचंच नाव येतं, आणि नवीन माणसाला वाटतं की लायब्ररीतच बग आहे. तसं नाही. लायब्ररीने स्ट्रकॉपी स्वतःच्या हातात घेतलेलं असतं म्हणून तिचं नाव दिसतं. साखळीत खाली उतरत जा आणि तुमच्या स्वतःच्या फाइलचं नाव जिथे पहिल्यांदा दिसेल, तिथला लाइन नंबर टिपा.

तिसरी जागा म्हणजे मेमरीचा जन्मदाखला. ‘१० बाइटांच्या तुकड्यानंतर ० बाइटांवर’ अशा अर्थाची एक ओळ असते, जुन्या आवृत्त्यांत ‘नंतर’ऐवजी ‘उजवीकडे’ असतं. पाठोपाठ ती मेमरी कुणी मागितली त्याची साखळी येते. शून्य बाइट नंतर म्हणजे अगदी काठावरून पाय घसरला आहे. मग ‘अधिक एक’ किंवा लूपमधलं ‘लहान किंवा बरोबर’ तपासा. हाच आकडा मोठा असेल, समजा चाळीस, तर इंडेक्सचं गणितच चुकलं आहे.

तळाशी शॅडो बाइटांचा तक्ता असतो. सुरुवातीला तो सोडून दिलात तरी चालेल, पण एकदा कुतूहलाने बघाच: ‘००’, मग चौकटी कंसात ‘०२’, मग ‘एफए’. वर वाचलेली सगळी व्यवस्था तिथे उघड्यावर दिसते.

पायरी ४: एका वेळी एकच

पहिली चूक सापडली की प्रोग्रॅम थांबतो. पुढच्या चुका बघायच्या म्हणून चुकीनंतरही चालू ठेवायची सोय आहे, पण सुरुवातीला तिच्या नादी लागू नका. मेमरी एकदा बिघडल्यावर पुढे जे दिसतं त्यातलं किती खरं आणि किती पहिल्या चुकीची सावली, हे सांगता येत नाही. पहिली दुरुस्त करा, पुन्हा बांधा, पुन्हा चालवा. जुन्या प्रकल्पात पहिल्या दिवशी असे दहा-बारा फेरे होतात. होऊ द्या.

‘हीप-यूज-आफ्टर-फ्री’ ही जात आली तर रिपोर्टमध्ये तीन साखळ्या असतात: चुकीचा वापर कुठे झाला, मेमरी सोडली कुठे आणि मागितली कुठे. मी मधली साखळी आधी वाचतो. वापरणारा बिचारा पॉइंटर चांगला आहे असं समजून वापरत असतो. मेमरी नको तेव्हा किंवा नको त्या हाताने सोडली जाते, दोष सहसा तिथे असतो.

लिनक्सवर प्रोग्रॅम संपताना गळतीचीही, म्हणजे मागितलेल्या पण कधीच न सोडलेल्या मेमरीचीही, तपासणी होते. ‘डायरेक्ट’ गळती आधी बंद करा. ‘इनडायरेक्ट’ बहुतेक तिच्याच पोटातल्या असतात आणि आपोआप जातात. जीडीबी या डिबगरखाली चालवताना ही तपासणी चालत नाही आणि शेवटी तक्रार करते. तेवढ्यापुरतं एसॅन_ऑप्शन्स या एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबलमध्ये डिटेक्ट_लीक्स=० ठेवा.

पायरी ५: दोन अडथळे जे हटकून येतात

पहिला: ‘एसॅन रनटाइम सुरुवातीच्या लायब्ररी यादीत पहिलं येत नाही’ अशा अर्थाचा संदेश. तुम्ही एखादं प्लगिन किंवा पायथनचं एक्सटेन्शन फ्लॅग देऊन बांधलेलं असतं, पण त्याला उचलणारा मुख्य प्रोग्रॅम साधाच असतो. मॅलॉक ताब्यात घ्यायचा तर लायब्ररीला सगळ्यांच्या आधी हजर राहावं लागतं, आणि इथे ती उशिरा पोचते. उपाय असा की पहिल्या पायरीत मिळालेला पाथ एलडी_प्रीलोड या एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबलमध्ये देऊन मुख्य प्रोग्रॅम सुरू करायचा. तो फक्त त्या एका कमांडपुढे लिहा, एक्सपोर्ट करू नका, नाहीतर त्या टर्मिनलमधली प्रत्येक कमांड लिबएसॅन घेऊन धावायला लागेल.

दुसरा: प्रोग्रॅम मेनपर्यंत पोचायच्या आधीच ‘डेडलीसिग्नल’ ही ओळ पुन्हा पुन्हा छापत राहतो, तेही कधी होतं, कधी नाही. नव्या कर्नलवर पत्त्यांची सरमिसळ वाढवलेली असते आणि जुन्या आवृत्तीच्या लायब्ररीला शॅडोसाठी ठरलेली जागा मोकळी मिळत नाही. व्हीएम.एमएमॅप_आरएनडी_बिट्स ही कर्नलची सेटिंग ३२ वरून २८ केली की हे थांबतं. कंपायलर नवा घेणं हा जास्त चांगला उपाय. हे न कळल्यामुळे कुणी स्वतःचा चांगला कोड मोडून लिहायला बसू नये, म्हणून मुद्दाम सांगितलं.

आणखी एक, थोडक्यात: शॅडोसाठी १६ टेराबाइटांहून जास्त पत्ते राखले जातात. टॉप या कमांडमध्ये हा आकडा बघून दचकू नका, ती खरी मेमरी नव्हे. पण यूलिमिट या कमांडने व्हर्च्युअल मेमरीवर मर्यादा घातली असेल तर प्रोग्रॅम सुरूच होणार नाही.

जिथे लिबएसॅन पुरत नाही

व्हेरिएबलमध्ये किंमत न घालता ते वाचलं, तर लिबएसॅन गप्प बसतं. जागा तुमचीच आहे, त्यामुळे त्याच्या नियमात चूक नाही. यासाठी व्हॅलग्रिंड, किंवा क्लँगमधला मेमरीसॅनिटायझर. एकाच स्ट्रक्टमधल्या एका अ‍ॅरेतून शेजारच्या फील्डमध्ये लिहिलंत तर तेही निसटतं. आणि इंडेक्स इतका भरकटला की रेडझोन ओलांडून थेट दुसऱ्या जिवंत तुकड्यात उतरला, तरी पकडला जात नाही. व्हॅलग्रिंड वापरताना साधा बिल्ड घ्या, दोन्ही एकत्र चालत नाहीत. अनडिफाइन्ड-बिहेवियर सॅनिटायझर मात्र सोबत आनंदाने चालतो. फ्लॅगमध्ये अ‍ॅड्रेसनंतर स्वल्पविराम देऊन अनडिफाइन्ड लिहा, आणि हे मी नेहमीच करतो.

सोर्स कोड हातात नसेल तर? जीलिबसीची स्वतःची एक तपासणी आहे. मॅलॉक_चेक_ हे व्हेरिएबल ३ केलं की मॅलॉक थोडा जास्त सावध होतो. पण ऑगस्ट २०२१ मधल्या २.३४ आवृत्तीपासून ही सोय लिबसी_मॅलॉक_डिबग नावाच्या वेगळ्या फाइलीत नेली आहे. ती फाइल एलडी_प्रीलोडने पुढे घातल्याशिवाय नुसत्या व्हेरिएबलने काहीच होत नाही. जुन्या पुस्तकांतली युक्ती चालेनाशी झाली ती यामुळे. याच कुळातली सगळ्यात जुनी मंडळी म्हणजे ब्रूस पेरेन्स यांनी १९८७ साली लिहिलेलं इलेक्ट्रिक फेन्स. ते प्रत्येक तुकड्याच्या काठाला एक बंदी असलेलं पान लावतं आणि त्यावर पाय पडला की प्रोसेसरच हटकतो. मेमरी भरमसाट खातं, पण कल्पना इतकी साधी की एकदा समजून घ्यावीच.

रोजच्या कामात कसं बसवायचं

ग्राहकाला द्यायच्या बिल्डमध्ये लिबएसॅन ठेवू नका. ते चुका शोधण्यासाठी बनवलं आहे, हल्ला परतवण्यासाठी नाही, आणि तसं ठेवल्याने उलट नवी भोकं पडू शकतात. बाहेर जाणाऱ्या बिल्डला स्टॅक-प्रोटेक्टर-स्ट्राँग आणि फोर्टिफाय-सोर्स हे फ्लॅग द्या. त्यातला दुसरा, ऑप्टिमायझेशन चालू असेल तरच काम करतो.

स्वतःसाठी मात्र मेकफाइलमध्ये ‘तपास’ नावाचं वेगळं टार्गेट करा, त्याच्या ऑब्जेक्ट फाइली वेगळ्या फोल्डरमध्ये जाऊ द्या, आणि सगळ्या टेस्ट त्यावर चालवा. ज्या ओळी टेस्टमध्ये चालतच नाहीत, तिथली चूक लिबएसॅनला दिसत नाही, म्हणून विचित्र लांबीची, रिकामी, अति मोठी इनपुटं मुद्दाम द्या. प्रोग्रॅम पार्श्वभूमीत चालत असेल किंवा पोरं प्रोसेस जन्माला घालत असेल, तर रिपोर्ट स्क्रीनवरून हरवतो. एसॅन_ऑप्शन्समध्ये लॉग_पाथ देऊन ठेवा. मग प्रत्येक प्रोसेसचा रिपोर्ट तिचा नंबर शेवटी लागलेल्या वेगळ्या फाइलीत सापडेल.